आकाशाचा नकाशा आखणारे केतकर मास्तर



ताऱ्यांमधून गलबत हाकणारे आणि अज्ञात लोकांचे नकाशे आखणारे नाखवे कादंबऱ्यांतून पुष्कळ भेटतात. त्यांचा नकाशा पडताळून पाहण्याचा प्रसंग वाचकावर कधी येत नाही. आज मी ज्या गृहस्थांविषयी बोलणार आहे, त्यांचा नकाशा मात्र आपण दर संक्रांतीला पडताळीत असतो, आणि तोही त्यांचे नाव न घेता. हे गृहस्थ म्हणजे व्यंकटेश बापूजी केतकर.

त्यांचा जन्म १८५४ साली नरगुंदास झाला. शिक्षण मॅट्रिकपर्यंत, पुढे शाळाखात्यात मास्तरकी, त्यातील बराच काळ बागलकोटास. मीही मॅट्रिक आणि मीही मास्तर. परंतु साम्य येथेच संपते. मुलांच्या वह्या तपासून झाल्यावर हा मनुष्य गुरू-शनींच्या गती तपासावयास बसे.

आपल्याकडे मोठ्या माणसाभोवती दंतकथा लवकर जमते. केतकरांविषयीची दंतकथा अशी की, प्लूटो त्यांनीच शोधला. खरी हकीकत याहून अधिक मनोरंजक आहे. गुरूच्या तीन उपग्रहांच्या प्रदक्षिणाकाळांत एक ठरावीक मेळ आहे. पहिल्याच्या चार फेऱ्या, दुसऱ्याच्या दोन, तिसऱ्याची एक. फ्रेंच गणिती लाप्लास याने त्याचा नियम बसविला होता. तोच मेळ सूर्यमालेच्या टोकालाही असावा असे धरून केतकरांनी १९११ साली फ्रान्सच्या ज्योतिषसंस्थेच्या पत्रिकेत नेपच्यूनपलीकडे दोन ग्रह असल्याचे मांडले. त्यांना नावे दिली ब्रह्मा आणि विष्णू. ब्रह्म्याचे सूर्यापासूनचे अंतर पृथ्वीच्या ३८·९५ पट आणि प्रदक्षिणाकाळ २४२·२८ वर्षे, असे त्यांचे गणित होते. १९३० च्या फेब्रुवारीत अमेरिकेतील क्लाइड टॉम्बॉ याला छायाचित्रे ताडून पाहताना प्लूटो सापडला. त्याचे अंतर सुमारे ३९·५ पट, काळ सुमारे २४८ वर्षे! त्याच वर्षी ऑगस्टात केतकर निवर्तले.

आकडे इतके जवळचे पाहून छाती फुगणे साहजिक आहे. परंतु केतकरांनी धरलेला मेळ तेथे नाही. नेपच्यूनच्या तीन फेऱ्यांत प्लूटोच्या दोन होतात खऱ्या, पण युरेनस त्या मेळात बसत नाही. शिवाय केतकरांनी अंतर व काळ दिला, दिशा दिली नाही. गाव किती कोसांवर आहे हे कळले, पण वाट कोणती हे न कळल्यावर वाटसरू निघणार कोठे? विष्णू तर आजवर कोणास दिसलाच नाही. आणि प्लूटोलाही २००६ साली ग्रहांच्या पंक्तीतून उठविण्यात आले. या अंदाजावर केतकरांचे मोठेपण उभे करणे म्हणजे त्यांचे खरे काम झाकून टाकणे होय.

ते खरे काम कोणते? १५२० साली गणेश दैवज्ञांनी रचलेल्या 'ग्रहलाघवा'वर आपली पंचांगे शतकानुशतके चालत आली. ग्रंथ उत्तम, परंतु लहानशी चूकही वर्षांबरोबर वाढते, आणि मग पंचांगातील ग्रह एकीकडे व आकाशातील दुसरीकडे, असे होते. केतकरांनी पाश्चात्त्य वेधांची सूक्ष्म कोष्टके अभ्यासली आणि त्यांवरून 'ज्योतिर्गणितम्' व 'केतकी' असे ग्रंथ संस्कृतात रचले. गावच्या जोशीबुवांना त्यांच्या ओळखीच्या भाषेत नवे गणित देणे, हा केवढा व्यवहारी शहाणपणा!

नकाशाला आरंभरेषा लागते. पृथ्वीवर ती ग्रिनिचहून मोजतात. राशिचक्रात ती कोठे धरावयाची यावर महाराष्ट्रात मोठा वाद माजला. रेवतीच्या मंद ताऱ्यापासून मोजावे, हा एक पक्ष. लोकमान्य टिळक त्या बाजूचे. तेजस्वी चित्रा तारा बरोबर १८० अंशांवर धरून तिच्या समोरचा बिंदू आरंभ मानावा, हा दुसरा पक्ष. त्याचा कैवार केतकरांनी घेतला. फरक सुमारे चार अंशांचा. म्हणून टिळक पंचांगाची मकरसंक्रांत १० जानेवारीच्या सुमारास येते आणि इतरांची १४-१५ ला. कित्येकदा अधिक मासही वेगळा पडतो आणि दिवाळी महिनाभर सरकते. पुढे भारत सरकारने मेघनाद साहा यांच्या अध्यक्षतेखाली नेमलेल्या समितीने १९५५ च्या अहवालात चित्राच प्रमाण मानली. तो निर्णय पाहावयास केतकर नव्हते.

माझे स्वतःचे मत विचाराल तर, जो तारा डोळ्यांना दिसतो त्यापासून मोजणे मला पटते. आमच्या बोरीवलीत दिव्यांच्या झगमगाटामुळे रेवतीचा तो तारा दिसण्याची आशाच नको. चित्रा दिसते. चैत्री पौर्णिमेला अंधार पडल्यावर गच्चीवर जा. कान्हेरीच्या डोंगरांवर चंद्र आला असेल, आणि त्याच्याच आसपास एक पांढरा-निळसर तारा. चैत्राला चैत्र हे नाव त्या ताऱ्यावरूनच पडले आहे.