हशा ऐकणाऱ्याच्या चेहऱ्यावर पिकतो



 अध्यक्ष म्हणून मराठी विनोदी चित्रपटाचा आढावा मी घ्यावा अशी आयोजकांची अपेक्षा आहे. पण उभा जन्म संकलनाच्या टेबलावर गेल्यावर एक गोष्ट छातीत अडकून राहिली आहे, ती आज बोलतोच. विनोदाचं श्रेय आपण नटांना वाटून टाकलं आणि नट्यांना ‘साथ उत्तम’ एवढ्यावर बोळवलं.

१९८८ चा ‘अशी ही बनवाबनवी’ घ्या. पार्वती आणि सुधा ही बायकांची सोंगं सगळ्यांच्या तोंडी आहेत. पण नयनतारांनी साकारलेल्या लीलाबाई काळभोर यांनी त्या सोंगांवर भाबडेपणानं विश्वास ठेवला नसता, तर साडी नेसलेले दोन पुरुष, यापलीकडे त्यात काय उरलं असतं?

सुप्रिया पिळगांवकर १९८४ मध्ये ‘नवरी मिळे नवऱ्याला’तून आल्या. पुढे ‘माझा पती करोडपती’. मग १९९४ मध्ये दूरदर्शनवर ‘तू तू मैं मैं’ ही मालिका. सासू रीमा लागू, सून सुप्रिया. दोघींच्या वयात दहा वर्षांचंही अंतर नव्हतं. ‘मैंने प्यार किया’मधली सोशिक आई पाहिलेल्या प्रेक्षकांना रीमाताईंनी खाष्ट सासू दाखवली आणि खळखळून हसवलं. सारा डोलारा दोन बायकांच्या खांद्यावर होता; पुरुष मधल्यामध्ये सापडलेले. २००४ च्या ‘नवरा माझा नवसाचा’मध्येही गणपतीपुळ्याची एसटी चालते ती सुप्रियांनी साकारलेल्या भक्तीच्या हट्टावर. तरी विनोदाचा इतिहास लिहायला बसलो की या नावांना आपण एक ओळ देतो.

मालिकेचा विषय निघालाच आहे, तर काल इथल्या परिसंवादात वाद रंगला : मालिकेनं कलाकार बिघडतो की घडतो? माझं उत्तर अनुभवाचं आहे. एका चित्रपटात निर्मात्यांनी फर्मावलं, लांबी कमी करा, बाईंचे क्लोज-अप काढा, वाक्यं हिरोची आहेत. काढले. चाचणी खेळात त्या प्रसंगाला थिएटर गप्प. त्याच रात्री मी नायिकेचा एक शॉट परत जोडला. त्यात ती बोलत नव्हती. नवऱ्याची थाप ऐकून घेत होती आणि अर्धा क्षण थांबून मान वळवत होती. दुसऱ्या खेळाला तिथंच हशा फुटला. ते थांबणं ती मालिकेत शिकली होती. रोज नवी पानं, तालमीला वेळ नाही. समोरच्याचं नीट ऐकलं तरच निभाव लागतो. तेव्हा मालिकेला नावं ठेवणाऱ्यांनी आधी संकलकाच्या खोलीत येऊन बसावं.

टायमिंग म्हणजे वाक्य फेकणं, ही समजूत पुरुषांच्या सोयीची आहे. वाक्य फेकणारा फक्त पेरतो. पीक ऐकणाऱ्याच्या चेहऱ्यावर येतं.

हे सारं नोंदवून ठेवायचं तर कामं पुष्कळ आहेत. जुन्या मालिकांच्या टेप शोधायला हव्यात, अभिनेत्रींच्या दीर्घ मुलाखती ध्वनिमुद्रित करायला हव्यात. कुणी, कसं, हे आयोजक समितीनं ठरवावं. मी लागेल तेवढा वेळ देईन. रीमाताई २०१७ मध्ये गेल्या. विनोदाच्या त्यांच्या पद्धतीबद्दल आपण त्यांना पुरेसं विचारलंच नाही, याची टोचणी मला आहे.

म्हणून एक मागणी करतो आणि थांबतो. पुढच्या वेळी विनोदावर परिसंवाद ठेवाल, तेव्हा बीजभाषण एखाद्या अभिनेत्रीला द्या. प्रश्न तिच्या कामाचे विचारा; तिच्या नायकांचे नकोत.