कुंडीसकट लावा

परसात दुधी, दोडका, कारलं, काकडी लावायची असेल, तर मृगाचा पाऊस दोन-तीन आठवड्यांवर असतानाच बी रुजत घालायला हवं.

मिरची-वांग्याची रोपं वाफ्यातून उपटून लावली तरी जीव धरतात. वेलभाज्यांचं तसं नाही. मुळं दुखावली की रोप मान टाकतं, तगलं तरी मागे पडतं. म्हणून बी कुजणाऱ्या कुंडीत घालावं आणि कुंडीसकट जमिनीत लावावं. रोपांच्या काळ्या प्लास्टिक पिशव्यांचे तुकडे वर्षानुवर्षं मातीतून निघत राहतात, ते बघून मला फार वाईट वाटतं. निदान आपल्या परसात तरी ते नकोत.

अशी कुंडी घरीच करायला एक उभा पेला घ्या. वर्तमानपत्राची सहा-सात बोटं रुंद पट्टी त्याभोवती तीन-चार वेढे गुंडाळा. तळाखाली राहिलेला कागद आत दुमडून घट्ट दाबा, पेला अलगद ओढून काढा. डिंक लागत नाही, टाचणी लागत नाही. गुळगुळीत रंगीत पुरवण्या मात्र टाळा. या कुंड्या ताटात एकमेकींना खेटून ठेवल्या की कलंडत नाहीत. माती, गांडूळखत आणि थोडा नारळाचा भुसा भरा. कारल्याच्या बियांचं कवच टणक असतं; त्या रात्रभर कोमट पाण्यात भिजवून मग दीड-दोन सेंटिमीटर खोल टोचा. पाणी ताटातच घाला, खालून ओल वर चढते. ताटात पाणी साचलं तर ओतून टाका, नाहीतर कागदावर बुरशी येते.

टपरीवरचे चहाचे कागदी कप यासाठी वापरू नका. त्यांच्या आतून प्लास्टिकचा पातळ थर असतो, तो कुजत नाही. काथ्याच्या कुंड्या चांगल्या, पण काथ्यात लिग्निन भरपूर, त्यामुळे तो सावकाश कुजतो. लावताना अशा कुंडीचा तळ सुरीने चिरून घ्या.

सगळ्यात जास्त जपायचं ते कडेला. कुंडीची कड मातीच्या वर राहिली, तर ती दिव्याच्या वातीसारखी खालची ओल ओढून हवेत उडवते. मुळांभोवतीचा कागद वाळून कडक होतो आणि रोप आतच कोंडतं. म्हणून वरची कड फाडून टाका, उरलेली कुंडी पूर्ण गाडा.

दोन खरी पानं येऊन तिसरं डोकावलं, की उशीर करू नका. कुंडी आधी पाण्यात भिजवून घ्या आणि ऊन उतरल्यावर लावा.