नेपाळच्या खोऱ्यांतील बौद्ध धर्म

बौद्ध धर्म भारतांत जन्मला आणि भारतांतूनच नाहींसा झाला, असें आपण शाळेंतील इतिहासाच्या पुस्तकांत वाचतों. चाळीस वर्षें हा विषय शिकवीत असतां या वाक्यानंतर एखादा चौकस मुलगा हमखास विचारी, "गुरुजी, मग त्यांचे ग्रंथ कोठें गेले?" पाली ग्रंथ सिंहलद्वीपांत राहिले, हें पुष्कळांस ठाऊक असतें. परंतु नालंदा व विक्रमशिला येथील भिक्षूंनीं ज्या संस्कृत ग्रंथांचें अध्ययन केलें त्यांचें काय झालें? त्यांपैकीं पुष्कळ ग्रंथ हिमालयाच्या कुशींतील एका लहानशा खोऱ्यानें सांभाळले. ते कोणीं सांभाळले, कसे सांभाळले, आणि त्यासाठीं धर्मास कोणती किंमत द्यावी लागली, हें आज आपणांपुढें थोडक्यांत मांडावयाचें आहे.

आज नेपाळ म्हटलें कीं तराईपासून हिमशिखरांपर्यंतचा सारा देश डोळ्यांपुढें येतो. परंतु अठराव्या शतकापर्यंत हें नांव मुख्यतः काठमांडूच्या खोऱ्यासच लावीत असत. समुद्रसपाटीपासून सुमारें साडेचार हजार फूट उंचीवरील हा सुपीक प्रदेश. भोंवतीं डोंगरांचें कडें, मधून वाहणारी बागमती, आणि एकमेकींपासून थोड्याच कोसांवर काठमांडू, पाटण व भक्तपूर या तीन जुन्या राजधान्या. येथील जुन्या रहिवाशांस नेवार म्हणतात. हें खोरें एके काळीं सरोवर होतें, असें स्वयंभूपुराण सांगतें. त्या सरोवरांतील कमळावर एक स्वयंभू ज्योति प्रकट झाली. तिच्या दर्शनास चीन देशांतून मंजुश्री बोधिसत्त्व आले आणि त्यांनीं खड्गाच्या घावानें चोभार येथील डोंगर चिरून पाण्यास वाट करून दिली. येथें पूर्वीं सरोवर होतें असें भूगर्भशास्त्रज्ञही म्हणतात, आणि बागमती आजही चोभारच्या त्या अरुंद खिंडींतूनच खोऱ्याबाहेर पडते. ज्योतीच्या जागीं स्वयंभूचा स्तूप उभा आहे.

पुराणांतून इतिहासांत यावयाचें तर लिच्छवि राजांच्या शिलालेखांपाशीं यावें लागतें. चांगुनारायण येथील मानदेव राजाचा लेख इ. स. ४६४ चा आहे. सातव्या शतकाच्या आरंभींचा राजा अंशुवर्मा हा पशुपतीचा भक्त. पण त्याच्या लेखांत देवालयांच्या बरोबरीनें बौद्ध विहारांसही नेमणुका लावून दिलेल्या आढळतात. त्याच शतकांत चिनी प्रवासी ह्युएनत्संग यानें नेपाळविषयीं ऐकलेली माहिती लिहून ठेविली. तेथें संघाराम व देवालयें एकमेकांस लागून उभीं आहेत आणि सुमारें दोन हजार भिक्षु हीनयान व महायान या दोहोंचें अध्ययन करितात, असें तो म्हणतो. भिंतीस भिंत लावून राहण्याची ही रीत श्रोत्यांनीं लक्षांत ठेवावी. पुढील इतिहासाचें बीज तींतच आहे.

बाराव्या शतकाच्या अखेरीस मगधांतील महाविहारांवर संकट कोसळलें, तेव्हां कित्येक पंडित उत्तरेच्या वाटांनीं या खोऱ्यांत आले. धर्मस्वामी नांवाच्या तिबेटी यात्रेकरूनें १२२६ पासून सुमारें आठ वर्षें नेपाळांत राहून अध्ययन केलें. पुढें तो नालंदेस गेला, तेव्हां त्या उजाड विद्यापीठांत नव्वदी उलटलेले राहुलश्रीभद्र सुमारें सत्तर विद्यार्थ्यांस शिकवीत असलेले त्यास आढळले. मगधांतील दिवा असा विझत असतां खोऱ्यांतील दिवा तेवत होता. त्याच शतकांत अरनिको नांवाचा तरुण नेवार कलावंत कारागिरांचा मेळा घेऊन तिबेटांत व तेथून कुब्लाई खानाच्या दरबारीं गेला; बीजिंगमधील १२७९ सालीं पुरा झालेला पांढरा स्तूप ही त्याचीच कृति. संकटें नेपाळलाही चुकलीं नाहींत. १३४९ सालीं बंगालचा सुलतान शम्सुद्दीन इलियास याच्या सैन्यानें खोऱ्यावर धाड घातली व स्वयंभूचा स्तूप उद्ध्वस्त केला. लोकांनीं १३७२ पर्यंत तो पुन्हां उभा केला.

परंतु या धाडीहून मोठा पालट विहारांच्या आंत, कांहीं गाजावाजा न होतां, घडत होता. बुद्धाचा संघ हा घर सोडलेल्यांचा संघ. नेपाळांत त्या संघानेंच घर केलें. भिक्षु विवाह करून विहारांत राहूं लागले, आणि विहारास लोक बहाल म्हणूं लागले. मध्यें फरसबंदी चौक, चौकांत चैत्य, चोहों बाजूंस कोरीव लांकडी खिडक्यांचीं घरें आणि दरवाजासमोर बुद्धमूर्तीचा गाभारा. पुण्यांतील एखाद्या जुन्या वाड्याची आठवण व्हावी. शाक्य व वज्राचार्य या दोन घराण्यांतील मुलाचें बालपणींच मुंडन होतें, त्यास भिक्षूचें वस्त्र मिळतें, चार दिवस तो भिक्षा मागतो आणि चौथ्या दिवशीं वस्त्र परत करून गृहस्थाश्रमाची अनुज्ञा घेतो. तेव्हांपासून तो आपल्या बहालाचा आजन्म सभासद. आपल्याकडील गुरवांप्रमाणें पाळी येईल तेव्हां त्यानें गाभाऱ्यांतील पूजा करावयाची. वज्राचार्यांस आणखी एक दीक्षा असते, आणि इतर बौद्ध घरांचें पौरोहित्य त्यांच्याकडे चालतें.

या व्यवस्थेस नांवें ठेवण्यापूर्वीं तिचें बळ पाहिलें पाहिजे. मगधांतील महाविहार राजांच्या दानावर उभे होते. राजा गेला, दान थांबलें, विहार जळला, कीं भिक्षु देशोधडीस लागले. नेपाळांत धर्म घराघरांत शिरला होता. बारसें, लग्न, श्राद्ध, शेजाऱ्यांची जत्रा या सर्वांत तो मिसळला होता. पाटणच्या रक्त मच्छिंद्रनाथाचेंच उदाहरण घ्या. नवनाथांतील मच्छिंद्रनाथ आपल्या परिचयाचे. ज्ञानेश्वरमाउलींची गुरुपरंपरा त्यांच्यापर्यंत जाते. पाटणांतील बौद्ध मात्र त्या लाल मूर्तीस करुणामय लोकेश्वर म्हणतात. तिचे पुजारी बहालाचे, तिचा उंच रथ ओढणारे दोन्ही धर्मांचे, आणि पाऊस वेळेवर पडावा हें मागणें सर्वांचें एकच! काठमांडूची कुमारी ही शाक्य कुळांतील बालिका. पण २००८ सालीं राजेशाही संपेपर्यंत हिंदु राजा तिच्यापुढें मस्तक नमवीत असे. अशा धर्मास गांवांतून उपटून टाकणें कोणत्याही सत्तेस सोपें नव्हतें.

आतां किंमत पाहूं. संघ वंशपरंपरेचा झाला, तेव्हां त्याचा दरवाजा जन्मानें बंद झाला. चौदाव्या शतकाच्या अखेरीस राज्य करणाऱ्या जयस्थिति मल्लानें नेवारांच्या जाति व त्यांचीं कर्तव्यें ठरवून दिलीं, असें वंशावळी सांगतात. १८५४ च्या मुलुकी ऐनानें तर जातींची उतरंड राज्याच्या कायद्यांतच लिहिली. शेतकरी ज्यापू कितीही श्रद्धावान् असो, त्याच्या मुलास बहालाचें सभासदत्व नाहीं. झाडूवाल्याची गोष्टच नको. शाक्यांच्या स्वतःच्या मुलींनाही ती दीक्षा नव्हती. बौद्ध ग्रंथांत अशी कथा आहे कीं, शाक्य राजपुत्रांनीं आपला अभिमान गळावा म्हणून उपालि नांवाच्या न्हाव्यास आपल्या आधीं दीक्षा देवविली आणि त्यास वडील मानून वंदन केलें. त्याच संघाच्या वारसांत 'शाक्य' हें एका जातीचें नांव होऊन बसावें, ही केवढी विलक्षण गोष्ट!

याहूनही विलक्षण गोष्ट पोथ्यांची आहे. पोथी लिहविणें व तिची पूजा करणें यांत पुण्य आहे, या श्रद्धेनें नेवार घराण्यांनीं ताडपत्रांवर, पुढें कागदांवर, शतकानुशतकें नकला केल्या. कित्येकदां नकलणाऱ्यास अर्थ कळत नसे. पण अक्षर जगलें. ब्रायन हॉजसन या ब्रिटिश अधिकाऱ्यानें पाटणचे पंडित अमृतानंद यांच्या साहाय्यानें १८२० नंतरच्या दोन दशकांत या पोथ्या मिळवून कलकत्ता, लंडन व पॅरिस येथें धाडल्या. त्यांच्या आधारें बुर्नूफ यानें १८४४ सालीं भारतीय बौद्ध धर्माच्या इतिहासाचा आपला ग्रंथ प्रसिद्ध केला. १८८२ सालीं राजेंद्रलाल मित्र यांनीं नेपाळांतील संस्कृत बौद्ध वाङ्मयाचें वर्णन छापलें. त्या वर्णनांतील शार्दूलकर्णाच्या कथेवरून रवींद्रनाथांनीं 'चंडालिका' रचली. जन्मावरून श्रेष्ठत्व मानण्याचें खंडन करणारी 'वज्रसूची' हीही हॉजसनला नेपाळांतच मिळाली. १८३९ सालीं ती छापली गेली, तेव्हां मराठींत 'सिद्धान्तशिरोमणिप्रकाश' लिहिणाऱ्या सुबाजी बापूंनीं केलेलें तिचें खंडनही सोबत छापलें होतें. म्हणजे जातीच्या भिंतींआड राहणाऱ्यांनींच जातीविरुद्धचे ग्रंथ पेटींत जपून ठेविले होते! पेटी बंद होती, म्हणून ग्रंथ वांचले. आणि पेटी बंद होती, म्हणूनच त्यांचा बोध घरांत पसरला नाहीं.

ही उणीव एका मराठी माणसाला फार तीव्रतेनें जाणवली. गोव्याचे धर्मानंद कोसंबी बौद्ध धर्माच्या शोधांत घर सोडून निघाले आणि काशींत संस्कृत शिकून १९०२ सालीं मोठ्या आशेनें नेपाळांत गेले. तेथील धर्माची स्थिति पाहून त्यांची निराशा झाली, आणि पुढें त्यांस सिलोनची वाट धरावी लागली. जें त्यांस हवें होतें, तो विचार व तें आचरण, तें त्या काळच्या बहालांत त्यांस दिसलें नाहीं.

पुढें खोऱ्यांतील तरुणांसही हीच उणीव बोचूं लागली. कांहींनीं कुशीनगरास जाऊन ब्रह्मदेशीय भिक्षु चंद्रमणि महास्थविर यांच्याकडून थेरवादाची दीक्षा घेतली, आणि १९३० च्या सुमारास, कित्येक शतकांनंतर, काठमांडूच्या रस्त्यांत पीतवस्त्रधारी भिक्षु दिसूं लागले. राणा सरकारास हें खपलें नाहीं. जन्माचा धर्म सोडून दुसऱ्या दीक्षेस जाणें हा त्या राज्यांत गुन्हा होता. १९४४ सालीं आठ भिक्षूंस हद्दपार करण्यांत आलें. त्यांनीं सारनाथ येथें धर्मोदय सभा स्थापिली, आणि सिलोनच्या नारद स्थविरांनीं रदबदली केल्यावर १९४६ सालीं भिक्षूंस स्वदेशीं परततां आलें. या नव्या विहारांचें दार जात न विचारतां उघडें होतें. शेतकरी आले, व्यापारी आले, आणि स्त्रियाही आल्या. पाटणच्या शाक्य कुळांतील धम्मवती तर घरून पळून ब्रह्मदेशास गेल्या, तेथें शिकल्या, आणि परतल्यावर त्यांनीं काठमांडूंत धर्मकीर्ति विहार उभारला.

श्रोतेहो, ज्या चंद्रमणि महास्थविरांनीं या नेवार तरुणांस दीक्षा दिली, त्यांच्याच हस्तें १४ ऑक्टोबर १९५६ रोजीं नागपुरांत डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनीं त्रिशरण व पंचशील ग्रहण केलें. त्यानंतर महिन्याभरानें जागतिक बौद्ध परिषदेचें चौथें अधिवेशन काठमांडू येथें भरलें. प्रकृति खालावलेली असतांही बाबासाहेब तेथें गेले आणि २० नोव्हेंबरला बुद्ध व कार्ल मार्क्स या विषयावर बोलले. ६ डिसेंबरला त्यांचें निर्वाण झालें. ज्या खोऱ्यांत बौद्ध धर्मानें जातीशीं तडजोड करून प्राण वांचविले, त्याच खोऱ्यांत, जात टाकण्यासाठीं तो धर्म स्वीकारणारा महापुरुष शेवटच्या दिवसांत आला, हा योग विचार करावयास लावणारा आहे.

२५ एप्रिल २०१५ च्या भूकंपांत स्वयंभूच्या टेकडीवरील देवळें ढांसळलीं आणि बौद्धनाथाच्या महास्तूपाच्या शिरोभागास तडे गेले. तो भाग उतरवून पुन्हां बांधला गेला आणि १९ महिन्यांच्या आंत स्तूप दर्शनास खुला झाला. बहालांतील पाळीची पूजाही चालू आहे, आणि नव्या विहारांतील प्रवचनेंही चालू आहेत. या दोहोंपैकीं एकाची बाजू घेऊन दुसऱ्यास हिणविणें मला योग्य वाटत नाहीं. घराण्यांनीं जपलें नसतें, तर आज उघडावयास पोथीच उरली नसती. परंतु ती उघडण्यासाठीं घराण्याबाहेरच्या माणसांस यावें लागलें, हेंही तितकेंच खरें आहे. आपल्या घरांतही पूर्वजांच्या पोथ्या असतील, कुळाचार असतील, विद्या असतील. त्या जपाव्या, हें कोणीही सांगेल. जपतांना दाराची कडी आंतून लावली आहे कीं काय, तेवढें मात्र अधूनमधून पाहात जावें, अशी आपणां सर्वांस माझी विनंति आहे.