मंत्र पुटपुटणारा आणि प्रश्न विचारणारा

स्नातकहो,

कादंबऱ्यांत, चित्रपटांत आणि तुमच्यापैकी अनेक जण रात्र रात्र खेळतात त्या खेळांत एक जादू वारंवार भेटते. कुणीतरी नेमका शब्द नेमक्या सुरात उच्चारतो आणि शिळा हलते, दार उघडते, जखम भरून येते. ही पोरखेळातली कल्पना म्हणून सोडून देता येत नाही, कारण वऱ्हाडात ती गोष्टीबाहेरही नांदली आहे. जुलैत पऱ्हाटीच्या निंदणाला गेलेल्या बाईला साप चावतो आणि घरचे तिला दवाखान्याऐवजी मांत्रिकाकडे नेतात. तो पुटपुटतो, फुंकर घालतो आणि विष उतरले म्हणून सांगतो.

कधी कधी बाई खरोखर वाचते. ही जादू टिकून राहते ती त्यामुळेच. आपल्याकडचे बहुतेक साप बिनविषारी आहेत आणि विषारी सापही प्रत्येक चाव्यात विष सोडतोच असे नाही. अशा वेळी काही न करताही माणूस बरा होतो, श्रेय मात्र मंत्राला जाते. पण नाग, मण्यार, घोणस किंवा फुरसे यांपैकी एकाने पुरेसे विष सोडले असेल, तर मांत्रिकाचा आवाज त्यापुढे हतबल असतो. आवाज म्हणजे हवेतून सेकंदाला सुमारे 343 मीटर वेगाने जाणारी दाबाची लाट. रक्तात शिरलेल्या विषारी प्रथिनांना ती अडवू शकत नाही. त्यांना अडवते ते घोड्याच्या रक्तातून तयार केलेले प्रतिविष.

म्हणून ध्वनीत बळ नाही असे मात्र नव्हे. 1980 मध्ये जर्मनीतल्या म्युनिचला शरीराबाहेरून सोडलेल्या आघातलहरींनी रुग्णाच्या मूत्रपिंडातला खडा पहिल्यांदा फोडला गेला. आज तो नित्याचा उपचार आहे. त्याआधी साठ वर्षे, 1920 मध्ये, चंद्रशेखर वेंकट रामन यांनी मृदंग-तबल्याचा अभ्यास करून दाखवले की पुडीवरच्या शाईमुळे चामड्याची कंपने पूर्णांकी पटीत बसतात आणि म्हणून तबला सुरात बोलतो. साध्या चामड्याला हे जमत नाही.

खंजिरीचे चामडे तसे साधेच. तिला ठरलेला सूर नाही. ठेका आणि चकत्यांची झणझण एवढेच तिचे भांडवल. अमरावती जिल्ह्यातल्या यावलीत 1909 साली जन्मलेल्या तुकडोजी महाराजांना तेवढे पुरले. खंजिरीवरच्या त्यांच्या भजनांनी 1942 च्या स्वातंत्र्यलढ्यात चिमूर-आष्टीच्या लोकांत एवढे चैतन्य भरले की इंग्रज सरकारने त्यांना अटक करून नागपूर आणि रायपूरच्या तुरुंगात ठेवले. लाकडी कड्यावर ताणलेल्या वीतभर चामड्याची एका साम्राज्याने घेतलेली ही दखल वऱ्हाडाने अभिमानाने सांगावी अशी आहे.

तरीही आज सर्वाधिक सांगण्यासारखे आहे ते ज्यांचे नाव या विद्यापीठाला आहे त्यांच्याबद्दल. 23 फेब्रुवारी 1876 रोजी शेंडगावात परिटाच्या घरी जन्मलेले डेबूजी जानोरकर, म्हणजे गाडगेबाबा, शाळेत गेले नव्हते. दिवसा खराट्याने गाव झाडायचे आणि रात्री कीर्तनाला उभे राहायचे, हा त्यांचा क्रम. त्या कीर्तनाची रचना नीट पाहावी. बाबा निरूपण करत नसत, विचारत असत. देवाला बोकड कापावा का, तेरवीसाठी कर्ज काढावे का, मुलाला शाळेत का घातले नाही? समोर बसलेली हजारो माणसे मोठ्याने उत्तर देत आणि त्या उत्तरातून पुढचा प्रश्न निघे. मांत्रिकाचा मंत्र गुप्त असतो. तो ज्याच्यावर चालवायचा त्याने गप्प बसायचे असते. गाडगेबाबांचे कीर्तन श्रोता बोलल्याशिवाय पुढे सरकतच नसे. ध्वनीचा असा उपयोग जगात फार थोड्यांनी केला आहे. 20 डिसेंबर 1956 रोजी अमरावतीजवळ पेढी नदीकाठी त्यांचा प्रवास थांबला, पण त्याआधीच्या महिन्यात मुंबईत वांद्र्याला झालेले त्यांचे कीर्तन ध्वनिमुद्रित आहे. पदवीचा कागद चौकटीत घालण्याआधी ते एकदा पूर्ण ऐका.

मंत्र आणि कीर्तन यांतला हाच भेद महाराष्ट्राच्या विधिमंडळाने पुढे कायद्यात आणला. त्या कायद्यासाठी झटणाऱ्या डॉ. नरेंद्र दाभोलकर यांची 20 ऑगस्ट 2013 रोजी हत्या झाली आणि त्याच वर्षी जादूटोणाविरोधी कायदा झाला. साप, विंचू किंवा कुत्रा चावलेल्याला वैद्यकीय उपचारापासून रोखून मंत्रतंत्र, गंडेदोरे करणे हा त्यानुसार गुन्हा आहे. हरिकथा, कीर्तन, प्रवचन, भजन यांना मात्र कायद्याने स्पष्टपणे बाहेर ठेवले आहे. अकोल्यात श्रावणातल्या शेवटच्या सोमवारी पूर्णा नदीचे पाणी घेऊन राजराजेश्वराच्या मंदिराकडे निघणाऱ्या कावडींपुढच्या ढोलाला या कायद्याची काही भीती नाही, आणि नसावी.

तुमच्यापैकी काही जण शिक्षक, परिचारिका किंवा ग्रामपंचायत अधिकारी होऊन अकोट, दर्यापूर, धारणीकडे जातील. मेळघाटातले अनेक कोरकू लोक आजारपणात आधी भुमकाकडे, म्हणजे त्यांच्या पारंपरिक वैदूकडे, जातात. त्याला शत्रू न मानता रुग्ण दवाखान्यात आणण्याच्या कामात सोबत घेण्याचे प्रयत्न आरोग्य यंत्रणेने केले आहेत, आणि ते योग्यच आहेत, कारण घाबरलेल्या माणसाला ओळखीचा आवाज धीर देतो. तिथे नेमणूक झाली तर कोरकू शिकून घ्या. गावात साप चावल्याचे कळले की 108 ला फोन लावा. गाडी येईपर्यंत चावलेला पाय हलू द्यायचा नाही, त्यावर दोरी करकचून आवळायची नाही आणि जखम कापायची नाही, हे भुमकालाही त्याच्याच भाषेत पावसाळ्याआधी सांगून ठेवा, आणि त्यावर तो काय विचारतो ते ऐकून घ्या.