नानूकचा चित्रकार

रॉबर्ट फ्लॅहर्टी हा मूळचा चित्रपटवाला नव्हे. कॅनडांतील हडसन उपसागराच्या परिसरांत लोखंडाचे साठे धुंडाळण्यासाठीं १९१० सालीं त्याची नेमणूक झाली, आणि तेथील इन्युइट लोकांच्या (जग तेव्हां त्यांना एस्किमो म्हणे) सोबतीनें त्यानें हिवाळे काढले. १९१३ च्या सफरींत त्यानें कॅमेरा नेला. १९१६ सालीं टोरोंटो येथें फिल्म जोडीत असतां त्याच्या हातून सिगारेट पडली आणि सुमारें ३०,००० फूट मूळ फिल्म जळून गेली. एक प्रत तेवढी वांचली. पण ती पाहून त्याचें समाधान होईना. दृश्यांमागून दृश्यें होतीं. माणूस कोठें दिसत नव्हता!

तेव्हां एकच माणूस व त्याचें कुटुंब घ्यावयाचें, असें ठरवून तो १९२० मध्यें इनुकजुआक येथें गेला. केसाळ कातड्यांचा व्यापार करणाऱ्या एका फ्रेंच पेढीनें खर्च सोसला. अल्लाकारिआल्लाक नांवाचा शिकारी त्यानें निवडला आणि पडद्यासाठीं त्याचें नांव ठेविलें नानूक, म्हणजे अस्वल. फिल्म तेथेंच धुवावयाची. त्यासाठीं बर्फाला भोंक पाडून पाणी काढावें, पिंपें वाहून आणावीं, हीं कामें ते लोकच करीत.

पडद्यावरील सर्व कांहीं मात्र जसेंच्या तसें नव्हतें. बर्फाच्या घरांत उजेड पुरेना, म्हणून मोठें घर बांधून त्याचा अर्धा भाग कापून टाकला; माणसें उघड्या थंडींत निजलीं. या लोकांजवळ तेव्हां बंदुका होत्या. तरी वॉलरसची शिकार जुन्या पद्धतीनें भाल्यांनीं करावयाची ठरली. भाला लागला, आणि तें प्रचंड जनावर दोरासकट शिकाऱ्यांना पाण्याकडे ओढूं लागलें. बंदूक चालव, असें ते ओरडूं लागले. फ्लॅहर्टीनें न समजल्याचें सोंग केलें आणि कॅमेऱ्याचा दांडा फिरवीत राहिला. ही हकीकत त्यानेंच लिहून ठेविली आहे. शिकारीची मांडणी बनावट असेल; पण दोर घट्ट धरण्याचें नाटक करतां येत नाहीं. त्या चिकाटीनें जग भारावलें. तिची किंमत कोणीं ठरविली, हें पडद्यावर दिसलें नाहीं.

१९२२ सालीं 'नानूक ऑफ द नॉर्थ' प्रसिद्ध झाला व गाजला. सुमारें दोन वर्षांत अल्लाकारिआल्लाक मरण पावला. शिकारीस गेला असतां उपासमारीनें, असें फ्लॅहर्टीनें सांगितलें; क्षयानें, असें पुढील अभ्यासकांचें मत आहे. फ्लॅहर्टी तेथें परत गेला नाहीं. तेथील एका स्त्रीपासून त्याला झालेला मुलगा जोसेफी इनुकजुआकमध्येंच वाढला.

१९५३ व १९५५ सालीं सरकारनें तेथील कांहीं कुटुंबें सुमारें २,००० किलोमीटर उत्तरेस, जेथें हिवाळ्यांत कित्येक आठवडे सूर्य उगवत नाहीं अशा जागीं नेऊन ठेविलीं. शिकार मुबलक मिळेल, न रुचल्यास परत आणूं, असें सांगितलें होतें. परतीचें वचन दीर्घकाळ पाळलें गेलें नाहीं. १९५५ च्या तुकडींत जोसेफी व त्याचीं मुलें होतीं. कॅनडा सरकारनें या स्थलांतराबद्दल क्षमा मागितली, ती २०१० सालीं.