लढ्यात पुढे, पंगतीत मागे

(शासकीय कर्मचाऱ्यांच्या प्रशिक्षण वर्गात केलेले भाषण)



समलिंगी आणि तृतीयपंथी यांचा उल्लेख आपण बहुधा एकत्रच करतो. वस्तुतः हे प्रश्न दोन आहेत. आपले मन कोणाकडे ओढ घेते, हा एक. आपण स्वतःस स्त्री मानतो, पुरुष मानतो की या दोहोंहून वेगळे, हा दुसरा. मग या समाजघटकांची चळवळ एक का झाली? याचे उत्तर कायद्याच्या इतिहासात आहे.

ब्रिटिश अमदानीत १८६० च्या भारतीय दंडसंहितेतील कलम ३७७ अन्वये समलिंगी संबंध गुन्हा ठरले. पुढे १८७१ च्या गुन्हेगार जमाती कायद्याने या कलमाखालील गुन्ह्याचा ज्यांच्यावर संशय असेल, अशा तृतीयपंथीयांची नोंदवही ठेवण्याची तरतूद केली. नोंद झालेल्याने स्त्रीवेषात चारचौघांत वावरणे हाही गुन्हा ठरला. कलम एकच, परंतु ज्यांना स्वतःस लपविता येत नव्हते, त्यांच्यावर त्याचा आघात प्रथम झाला.

स्वातंत्र्यानंतरही हे कलम राहिले. सर्वोच्च न्यायालयाने १५ एप्रिल २०१४ रोजी तृतीयपंथीयांची ओळख मान्य केली आणि स्वतःचे लिंग स्वतः ठरविण्याचा त्यांचा हक्क मानला. ठाण्याच्या लक्ष्मी नारायण त्रिपाठी त्या दाव्यात सहभागी होत्या. परंतु चारच महिन्यांपूर्वी, ११ डिसेंबर २०१३ रोजी, त्याच न्यायालयाने कलम ३७७ कायम ठेवले होते. म्हणजे ओळख मिळाली, पण प्रेम मात्र गुन्हाच राहिले! प्रौढांच्या संमतीच्या संबंधांपुरते ते कलम ६ सप्टेंबर २०१८ रोजी रद्द झाले. दाद मागणाऱ्यांत कर्नाटकातील तृतीयपंथी कार्यकर्त्या अक्कई पद्मशाली होत्या, आणि निकालाला २०१४ च्या निवाड्याचा मोठा आधार लाभला.

येथे एक गोष्ट दृष्टीआड करून चालणार नाही. २०१८ च्या विजयाने सुशिक्षित शहरी समलिंगी तरुणास मोठा दिलासा मिळाला. घरातून हाकलल्या गेलेल्या तृतीयपंथीयाचा निवाऱ्याचा व रोजगाराचा प्रश्न मात्र तसाच राहिला. २०१९ च्या संरक्षण कायद्यात त्यांच्यावरील लैंगिक अत्याचारास सहा महिने ते दोन वर्षे एवढीच शिक्षा ठेवण्यात आली. स्त्रीवरील बलात्कारास तेव्हा किमान दहा वर्षे शिक्षा होती. ज्यांनी चळवळीत पहिले घाव सोसले, त्यांचे पान पंगतीत शेवटी मांडले जाऊ नये, ही त्यांची अपेक्षा रास्तच आहे.

आपणा शासकीय कर्मचाऱ्यांचे कर्तव्यही यातूनच निघते. निवाडे न्यायालयात होतात; त्यांची प्रचीती मात्र आपल्या टेबलापाशी येते. दाराशी आलेल्या तृतीयपंथी नागरिकास “या, बसा” म्हणण्यासाठी कोणत्याही परिपत्रकाची वाट पाहावी लागत नाही.

जय हिंद, जय महाराष्ट्र!