कार्यभार, तात्पुरती पदोन्नती आणि आपले हक्क

(केंद्रस्तरीय शिक्षण परिषदेत दिलेले भाषण)



आज मी अध्यापनपद्धतीविषयी बोलणार नाही. ज्या विषयाची चर्चा आपण मधल्या सुट्टीत हलक्या आवाजात करतो, परंतु अर्जाच्या कागदावर क्वचितच आणतो, तो तात्पुरत्या पदोन्नतीचा विषय मी आपणापुढे मांडणार आहे.

आपल्या भंडारा जिल्ह्यात लहान गावांच्या लहान शाळा पुष्कळ आहेत. २००९ च्या शिक्षणहक्क कायद्याच्या मानकांप्रमाणे पहिली ते पाचवीसाठी स्वतंत्र मुख्याध्यापक मिळावयाचा तर पट १५० हून अधिक लागतो. सहावी ते आठवीसाठी १०० हून अधिक. पट कमी असला म्हणून शाळेची कामे थांबत नाहीत. पोषण आहाराचा हिशेब, व्यवस्थापन समितीच्या सभा, वरिष्ठांस जावयाची माहिती हे सर्व कोणास तरी करावेच लागते. मग ज्येष्ठ शिक्षक 'प्रभारी' होतो. वर्षांमागून वर्षे जातात आणि ज्येष्ठता यादी लागली की तो विचारतो, "इतकी वर्षे मी मुख्याध्यापकाचे काम केले, ती कोठे गेली?"

या प्रश्नाचे उत्तर त्याच्या आदेशातील शब्दांत असते. ते शब्द तीन प्रकारचे असतात. पहिली नियमित पदोन्नती : निवड नियमाने झाली, पद मोकळे होते, आदेशात तसे म्हटले आहे. दुसरी तात्पुरती वा स्थानापन्न पदोन्नती : मनुष्य वरच्या पदावर बसतो, त्या पदाचे वेतन घेतो, परंतु त्याचा पाय खालच्या पदात असतो. तिसरा केवळ कार्यभार : काम वरचे, पद आपलेच.

शेजारी गावास गेला असता त्याच्या बांधीला पाणी देणारा मनुष्य धान वाचवितो. त्याचे उपकार मोठे, तथापि सातबाऱ्यावर त्याचे नाव चढत नाही. कार्यभाराचे तसेच आहे. त्याचा मोबदला मिळालाच तर तो वेतननियमांतील अटींप्रमाणे मिळतो. ज्येष्ठता मात्र त्यातून उत्पन्न होत नाही.

स्थानापन्न पदाचे काय? रेल्वेतील एका कर्मचाऱ्यास वरच्या श्रेणीच्या पदावरून मूळ पदावर परत पाठविण्यात आले, तेव्हा प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेले. १९५७ सालच्या त्या निकालाने सांगितले की, स्थानापन्न पदावरून परत येणे ही एरवी शिक्षा नव्हे, कारण त्या पदावर हक्कच नव्हता. परंतु त्याबरोबर मूळ पदातील ज्येष्ठता गमवावी लागली, किंवा पुढील बढतीची संधी लांबविण्यात आली, तर ती शिक्षाच होय. आणि शिक्षा द्यावयाची तर आधी चौकशी व्हावयास हवी. कर्मचारी त्या दाव्यात हरला, परंतु त्याच्या दाव्यातून निघालेले तत्त्व पुढील सर्वांच्या उपयोगी पडले. जिल्हा परिषदेच्या सेवकांसाठी शिस्त व अपील यांचे स्वतंत्र नियम १९६४ पासून आहेत, हेही ध्यानी असावे.

ज्येष्ठतेविषयीचा महत्त्वाचा निकाल तर आपल्याच राज्यातील अभियंत्यांच्या वादात १९९० साली लागला. नियमाप्रमाणे नेमणूक झाली असेल तर ज्येष्ठता नेमणुकीच्या दिवसापासून धरावी, कायम झाल्याच्या दिवसापासून नव्हे, असे घटनापीठाने ठरविले. नियम बाजूस सारून केवळ वेळ मारून नेण्यासाठी केलेली तदर्थ नेमणूक मात्र ज्येष्ठतेसाठी मोजली जात नाही.

कधी कधी शासनच पदोन्नतीस तात्पुरती म्हणते. ७ मे २०२१ च्या शासन निर्णयाने राज्यातील रिक्त पदे २५ मे २००४ रोजीच्या सेवाज्येष्ठतेप्रमाणे, सर्वोच्च न्यायालयाच्या अंतिम निर्णयाच्या अधीन राहून, तात्पुरत्या स्वरूपात भरावयास सांगितले. अशा आदेशातील 'अधीन राहून' हे दोन शब्द ज्याने वाचले नाहीत, त्याने आदेश वाचलाच नाही.

मग आपला हक्क तो कोणता? पदोन्नती मिळालीच पाहिजे असा हक्क कोणासही नाही. परंतु पात्र असता आपला विचार झालाच पाहिजे, हा हक्क घटनेच्या कलम १४ व १६ यांतून येतो. कनिष्ठास वर ठेवून ज्येष्ठास विनाकारण मागे आणले, तर दाद मागण्यासही त्याच कलमांचा आधार आहे.

हक्क टिकतो तो कागदाने. यास्तव कार्यभार तोंडी घेऊ नका. लेखी आदेश मागा. कार्यभार घेतल्याची व सोडल्याची तारीख लिहून ठेवा. सेवापुस्तकातील नोंद स्वतः पाहा. तात्पुरती ज्येष्ठता यादी प्रसिद्ध होताच आपले नाव शोधा आणि चूक असल्यास मुदतीच्या आत, योग्य मार्गाने हरकत नोंदवा. मुदत संपल्यावर केलेली तक्रार हळहळ व्यक्त करते, दुरुस्ती क्वचितच घडविते.

अधिकारी बंधूंसही एक विनंती. आदेशात 'प्रभारी' की 'स्थानापन्न', हे स्पष्ट लिहावे. तात्पुरती व्यवस्था वर्षानुवर्षे चालू ठेवणे ही सोय खरी; परंतु तिचे मोल एखादा शिक्षक निवृत्तीच्या दिवशी मोजतो.

आणि ज्यांना मूळ पदावर परत यावे लागेल, त्यांनी मान खाली घालू नये. आदेशात ठपका नसेल तर परत येण्यात कमीपणा नाही. मुलांपुढे आपण कालही गुरुजी होतो, उद्याही गुरुजीच राहणार.